तुझ्यासाठी कोण थांबलं?

अमेरिकेला यायला मी ब्रह्मपुरीहून निघाले त्या सकाळी बाबांच्या कानामागे अजून रंग होता. जानेवारी महिना, म्हणजे झाडीपट्टीत नाटकांचा ऐन सीझन. ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी सांगते. आमच्या चंद्रपूर-गडचिरोलीच्या धानपट्ट्यात दिवाळी झाली की गावोगाव मंडप पडतात, आणि नाटक एकदा सुरू झालं की उजाडेपर्यंत चालतं. माझे बाबा जिल्हा परिषदेच्या शाळेत शिपाई होते आणि हिवाळ्यात नाटकात बाप व्हायचे. मुलीला सासरी पाठवणारा, दारात उभा राहून रडणारा बाप. ते रडायला लागले की मंडपातल्या बायांचे पदर डोळ्यांना जायचे. त्या दिवशी वडशाकडच्या एका गावातला प्रयोग आटपून, कोणाच्या तरी मोटरसायकलवर मागे बसून ते थेट एसटी स्टँडवर आले. तोंड धुतलं होतं, पण घाईत कानामागचा गुलाबी थर तसाच राहिला होता.

मला हुंदका आला तेव्हा ते म्हणाले, "रडू नोको बाई. रडाचं काम माह्यं हाये, मले त्याचे पैसे भेटतात."

स्टँडवरचे दोघं-तिघं हसले. मीही हसले. नागपूरची बस हलली. मागे वळून पाहिलं तर बाबा दोन्ही हात पाठीमागे बांधून उभे होते. त्यांचा इतका कोरडा चेहरा मी स्टेजवर कधी पाहिला नव्हता. त्यानंतर समोरासमोर तो चेहरा मला दिसलाच नाही.

आमच्या घरातली मी पहिली पदवीधर. नगर परिषदेच्या शाळेत मला इंग्रजी शिकवणाऱ्या बाईंचे, नागपूरच्या कॉलेजातल्या सरांचे आणि ज्यांनी मला न बघता प्रवेश दिला त्या इथल्या प्राध्यापकांचे माझ्यावर उपकार आहेत, आणि ते मी विसरलेले नाही. पण आज लिहायला बसले आहे ती माझ्या शिक्षणाची गोष्ट सांगायला नाही. मला एका घानाच्या सिनेनटाबद्दल सांगायचं आहे. माझ्या स्थलांतराचा अर्थ मला त्याच्याकडे बघून कळला. तुमच्यापैकी जे तिकडे राहिलात आणि जे माझ्यासारखे निघून आलात, दोघांनीही तो माणूस ओळखावा असं वाटतं.

मॅसेच्युसेट्समधल्या वूस्टर शहरात लाकडी तीनमजली घरांच्या रांगाच रांगा आहेत. त्यांना थ्री-डेकर म्हणतात. एका मजल्यावर एक बिऱ्हाड. आम्ही चार विद्यार्थिनी सगळ्यात वर, आणि सगळ्यात खाली क्वाबेना नावाचे पन्नाशीकडे झुकलेले गृहस्थ आणि त्यांची शाळकरी मुलगी आमा. वूस्टरमध्ये घानाची पुष्कळ माणसं आहेत. बाजूच्या श्रूजबरीत आपली आहेत तशीच. मी त्यांना तोंडाने अंकल म्हणायचे, आणि घरी फोनवर सांगताना क्वाबेनाकाका.

ओळख झाली ती वासावरून. त्यांच्या स्वयंपाकघरातून सुक्या मासळीचा वास जिन्यातून वर यायचा, आणि माझी पुण्याची रूममेट लगेच उदबत्ती लावायची. मला मात्र त्या वासाने आमचा शनिवारचा बाजार आठवायचा. आमच्याकडे तलावाची मासोळी वाळवून ठेवतात, पावसाळाभर खातात. एके दिवशी मी खाली जाऊन सरळ विचारलं, काय शिजतंय. त्यांनी मला बसवून वाढलं. मग म्हणाले की आजवर वरच्या मजल्यावरच्या कोणी जेवणाबद्दल विचारलं नव्हतं, फक्त खिडक्या उघडल्या होत्या.

त्यांच्यात मूल ज्या वारी जन्मतं त्या वाराचं नाव त्याला मिळतं. क्वाबेना म्हणजे मंगळवारचा, आमा म्हणजे शनिवारची. मी म्हटलं, माझ्या बाबांचं नाव मंगरू, तेही मंगळवारचेच. आमच्या भागातही सोमा, मंगरू, बुधा अशी नावं घरोघर आहेत. ते हसत सुटले. म्हणाले, मग तुझे वडील आणि मी एकाच वारी जगात कामाला लागलो. आणखी एक गंमत त्या दिवशी कळली. घानाची माणसं निघताना ‘आय ॲम कमिंग’ म्हणतात आणि चालू लागतात, अगदी आपल्या ‘येतो’सारखं. अमेरिकन माणूस दारात उभा राहतो, हा नक्की येतोय की जातोय असं बघत. मला मात्र समजावून सांगावं लागलं नाही.

ते नट आहेत हे मला त्यांनी सांगितलंच नाही. ते कळलं आफ्रिकन किराणा दुकानात. मी त्यांच्याबरोबर तांदूळ आणायला गेले होते. गल्ल्यावरच्या बाईने त्यांना पाहिलं आणि दोन्ही हात डोक्यावर ठेवले, खालचा ओठ बाहेर काढला आणि एक विचित्र आवाज केला. बंद पडलेल्या मोटरसायकलला किक मारत राहिल्यावर येतो तसा. दुकानातली सगळी माणसं हसली. काकांनी पिशवी खाली ठेवली, हात डोक्यावर घेतले आणि तोच आवाज इतका झकास काढला की एका म्हाताऱ्याला खुर्चीचा आधार घ्यावा लागला. परत येताना मी विचारलं, हे काय होतं? ते म्हणाले, "ते माझं करियर होतं."

मग हळूहळू सगळं कळत गेलं. कुमासी शहराच्या स्टँडवर ते मिनीबसच्या दारात लटकून गावांची नावं ओरडायचे. आवाज ऐकून एका दिग्दर्शकाने बोलावलं. तिथल्या ट्वी भाषेतले सिनेमे आठवड्याभरात तयार व्हायचे. सकाळी दिग्दर्शक गोष्ट सांगणार, संवाद नटांनी उभ्या उभ्या रचायचे. मी म्हटलं, आमच्या नाटकांतही असंच. तालमी कमी आणि हिंमत जास्त. त्यांना पहिला रोल मिळाला तो परदेशातून परतलेल्या माणसाचा. अशा माणसाला तिथे बोर्गा म्हणतात. भर उन्हात जाडजूड हिवाळी कोट, काळा चष्मा आणि मोठमोठ्या बॅगा घेऊन बोर्गा घरी येतो, मोहल्लाभर फुशारक्या मारतो, आणि शेवटी बॅगा रिकाम्या निघतात. मग त्याची आई चप्पल घेऊन मागे लागते आणि तो रडतो. ते रडणं लोकांना इतकं आवडलं की पुढच्या प्रत्येक सिनेमात निर्माते तेवढंच मागायला लागले. त्यांनी राजा केला, पाद्री केला, भूतही केलं, पण लोक विचारायचे, रडतो कधी?

"आणलंत कुठून ते रडणं?" मी एकदा विचारलं होतं.

"आणलं नाही, माझंच होतं. लहानपणी मी असाच रडायचो. मारून झाल्यावर आईच हसायची."

तोवर त्यांनी परदेश पाहिलाच नव्हता, पासपोर्टही नव्हता. आणि पुढे काय झालं, तर धंदा बसला. टीव्हीवर बाहेरच्या मालिका ट्वीत डब होऊन लागायला लागल्या. त्यात सगळ्यात जोरात चालली ती आपल्याकडची सासू-सुनांची एक मालिका. लोक सीडी विकत घेईनात. काका मला चिडवायचे की तुझ्या देशातल्या त्या दागिने घातलेल्या बायांनी माझी नोकरी खाल्ली. मी म्हणायचे, मी तर ती मालिका बघतसुद्धा नाही. ते म्हणायचे, "तू नाही बघत. माझी आई बघते. मुलाचा सिनेमा बंद करून बघते. आता बोल."

आमाची आई तेव्हाच वारली होती. काम नव्हतं. अमेरिकेतल्या घानाच्या लोकांसाठी एक स्टेज शो ठरला, आणि लहान मुलीला घेऊन ते आले ते इथेच राहिले. पडद्यावर ज्याची इतकी वर्षं टिंगल केली तो बोर्गा ते स्वतःच झाले. वृद्धांच्या एका केंद्रात म्हाताऱ्यांना उठवणं, न्हाऊ घालणं, भरवणं, हे काम त्यांनी धरलं. वकिलामार्फत कागदपत्रं दाखल केली. ती प्रोसेसमध्ये असताना परवानगीशिवाय देश सोडला तर केस संपली, परत येता येणार नाही, असं वकिलाने स्पष्ट बजावलं होतं. आणि आमाला इथे त्यांच्याशिवाय कोणी नव्हतं.

त्यांची आई फोनवर एकच प्रश्न विचारायची. तो ते मला भाषांतर करून सांगायचे आणि स्वतःच हसायचे. "सिनेमात तर तू पहिल्याच सीनला परत येतोस. खऱ्यात एवढा वेळ का लागतोय?"

माझ्या दुसऱ्या वर्षात बाबा गेले. शाळेत घंटा देऊन बाकावर बसले आणि उठलेच नाहीत. माझा भाऊ प्रमोद फोनवर बोलला तेव्हा तिकडे तयारी सुरू झाली होती. मी कितीही धावले असते तरी दोन दिवस लागले असते, आणि आपल्याकडे दोन दिवस कोणी ठेवत नाही. संध्याकाळच्या आत करायचं असतं. मी वूस्टरच्या स्वयंपाकघरात सकाळच्या उजेडात उभी राहून फोनवर बघितलं. प्रमोद एका हाताने मडकं धरून चालत होता. फोन कोणा शेजाऱ्याच्या हातात होता आणि चित्र सारखं हलत होतं. कधी पाय दिसायचे, कधी आभाळ. मी रडत होते आणि माझं रडणं तिकडे फोनमधून चिरक्या आवाजात बाहेर पडत होतं. कोणीतरी वडीलधारं म्हणालं, "आवाज बंद करा ना तो, काही आयकू येऊन नाई राह्यलं." शेजाऱ्याने आवाज बंद केला. त्यात त्याची चूक नव्हती. त्यानंतर मी रडले ते फक्त मलाच ऐकू आलं.

क्वाबेनाकाका शिफ्टवरून घरी आले होते. रूममेटने त्यांना सांगितलं असावं. ते दोन जिने चढून आले, युनिफॉर्ममध्येच, आणि माझ्यासमोर खुर्ची घेऊन बसले. त्यांनी हळूच विचारलं की अंत्यविधी कधी आहे, तू कधी निघतेस.

मी म्हटलं, "झाला."

"झाला म्हणजे? आज गेले ना?"

"हो. आजच झाला."

काकांना ते पटेना. मग म्हणाले, "पण तुझ्यासाठी कोण थांबलं?"

आपल्या पद्धतीत राग धरावा असं काही नाही हे मला माहीत होतं. ऊन, शरीर, शास्त्र, सगळं खरं आहे. पण तो प्रश्न माझ्यात रुतून बसला. त्यांनी मग सांगितलं की त्यांच्यात माणूस गेल्यावर त्याला शवागारात ठेवतात आणि मुलंबाळं जगाच्या कोपऱ्यातून पोचेपर्यंत घराणं थांबतं. आठवडे जातात, कधी महिने. लंडनचा मुलगा आला का, टोरोंटोची मुलगी आली का, मग तारीख ठरते. मला त्या क्षणी वाटलं की जगात कुठेतरी दूर गेलेल्या मुलांची सोय केलेली आहे, आणि ती माझ्या गावात नाही. मला त्यांचा हेवा वाटला.

तो हेवा बरीच वर्षं टिकला. माझं शिक्षण संपलं, एका लॅबमध्ये नोकरी लागली, लग्न झालं, आणि आम्ही श्रूजबरीत राहायला आलो. इथे मराठी मंडळ आहे, गणपती आहे, मुलांची मराठी शाळा आहे. मी एकदा आईला भेटून आले. त्यानंतर, तिकडे गेल्यावर व्हिसाच्या स्टॅम्पिंगमध्ये अडकून परत येता न आलेल्यांचे किस्से ऐकून सलग दोन हिवाळे तिकीट कॅन्सल केलं. वूस्टर गाडीने जवळच, त्यामुळे काकांकडे जाणं-येणं सुरू राहिलं. आमा उंच झाली, माझ्या नवऱ्याला "ड्यूड" म्हणायला लागली, आणि बापाच्या सिनेमांची तिला लाज वाटेनाशी झाली.

गेल्या वर्षी बर्फ वितळायच्या दिवसांत त्यांची आई गेली.

मी भेटायला गेले तेव्हा काका शांत होते. त्यांनी प्रवासाच्या परवानगीसाठी अर्ज केला होता आणि वकील म्हणत होता की आई गेल्याचं कारण आहे तर लवकर मिळू शकते. त्यांच्यात घराणं आईकडून चालतं आणि मामाचा शब्द शेवटचा. मामा कुमासीहून फोनवर म्हणाले होते, तू थोरला, तू येईपर्यंत आम्ही तिला हलवणार नाही. मी मनात म्हटलं, बघ, असं असतं थांबणं.

उन्हाळा आला. परवानगी आली नाही. मी दर रविवारी जायचे आणि दर रविवारी त्यांच्यात काहीतरी कमी झालेलं दिसायचं. ते जेवायचे कमी. आईला थंडी सहन व्हायची नाही, आणि तिला एवढे दिवस गारठ्यात ठेवलंय, असं एकदा बोलून गेले. केंद्रात एखाद्या आजीला ब्लँकेट घालताना त्यांचे हात थांबायचे म्हणे. तिकडे बहिणीचे फोन यायचे. ती लहान, तिला रडून मोकळं व्हायचं होतं. आईला माती दिल्याशिवाय तिला सुतकाचे काळे-लाल कपडे उतरवता येत नव्हते आणि पुढे काही करता येत नव्हतं. एक अख्खं घर एका माणसासाठी अडून बसलं होतं, आणि त्या माणसाला ते रोज माहीत होतं. मला वाटायचं थांबणं म्हणजे प्रेम. ते होतंच. पण थांबणाऱ्यांचं ओझं ज्याच्यासाठी थांबतात त्याच्या पाठीवर येतं, हे मी आधी पाहिलेलं नव्हतं.

पानं पिवळी पडायला लागली तेव्हा मामांनी तारीख ठरवली. आता यापुढे नाही, असं म्हणाले.

त्या रविवारी मी आणि नवरा दोघंही गेलो होतो. काका जेवणाच्या टेबलाशी बसले होते. निघून जायचं, आईला माती द्यायची आणि परतीचं दार कायमचं बंद करायचं, की थांबायचं, एवढंच उरलं होतं. आमाच्या शाळेचं शेवटचं वर्ष, तिचेही कागद त्याच केसमध्ये. ती फ्रिजला टेकून उभी होती. ती म्हणाली, "गो, डॅड. मी मॅनेज करीन. दीदीकडे राहीन." दीदी म्हणजे मी. मी लगेच हो म्हटलं, आणि मनापासून म्हटलं.

काका तिच्याकडे बघून म्हणाले, "मी एका आईला सोडून आलो. आता एका मुलीला सोडून जाऊ? मग मी नक्की कोणाचा?"

त्यांनी तिथेच, आमच्यासमोर, मामांना फोन लावला. ट्वीत बोलणं झालं, फार लांबलं नाही. फोन ठेवून आम्हाला सांगितलं, "मामा म्हणाले, ठीक आहे. मग आम्ही पडदा लावू."

मामांनी ठरवलेल्या शनिवारी वूस्टरमधल्या एका चर्चच्या हॉलमध्ये इथली माणसं जमली. मयत तिकडे असलं तरी इथेही बसायची त्यांच्यात रीत आहे. सगळे काळ्या-लाल कपड्यांत. मी काळी साडी नेसून गेले. आपल्यात कोणी नेसणार नाही, पण काकांनी आधी सांगून ठेवलं होतं. तिथे दुपार होती, इथे सकाळ. सकाळीच तिकडे दफन झालं होतं आणि आता मैदानात मांडव घालून लोक बसले होते. आमच्या हॉलच्या भिंतीवर प्रोजेक्टरने ते दिसत होतं. मांडवामागून मांडव, शेकडो खुर्च्या, आणि मध्ये मोठा पडदा. त्या पडद्यावर थोड्या वेळाने काका दिसणार होते.

कॅमेरा सांभाळणारा मुलगा हुशार होता. चित्र स्वच्छ दिसावं म्हणून त्याने काकांना पांढऱ्या भिंतीसमोर उभं केलं आणि आजूबाजूच्या सगळ्यांना बाजूला सारलं. आमालाही. फ्रेममध्ये फक्त थोरला मुलगा दिसला पाहिजे, असं म्हणाला. सगळ्यांना ते योग्यच वाटलं.

काका उभे राहिले. त्यांनी आईला हाक मारली. दोन-तीन वाक्यं बोलले. मला ट्वी येत नाही, पण आवाज सरळ होता. मग तो अडखळला. त्यांचे दोन्ही हात डोक्यावर गेले, खालचा ओठ थरथरला, आणि घशातून तो आवाज आला. तोच. त्यांच्याकडे दुसरा नव्हताच.

आधी स्पीकरमधून एका पोराचं हसू आलं. मग दोन-चार बायांचं, दाबलेलं. मग एक मांडव हसला आणि त्याच्यामागे दुसरा. त्यात वाईट हेतू नव्हता. ही माणसं वीस वर्षं हा चेहरा आणि हा आवाज पडद्यावर बघून हसलेली, आणि आजही तो पडद्यावरच होता. हसू त्यांच्या तोंडातून निघून गेलं असणार, खोकल्यासारखं. भिंतीवर दिसत होतं, काही जण तोंडावर हात ठेवून शेजाऱ्याला कोपर मारत होते. आमच्या हॉलमध्येही मागून कोणीतरी फिसकन हसलं आणि लगेच गप्प झालं. काकांना सगळं ऐकू येत होतं. त्यांना थांबता येत नव्हतं. ते जितके रडत होते तितकं तिकडे हसू वाढत होतं.

आमा उठली. कॅमेऱ्यावरच्या मुलाने हात केला, तिने तो बाजूला ढकलला. ती फ्रेममध्ये गेली आणि बापाचा दंड दोन्ही हातांनी धरला. धरून नुसती उभी राहिली, कॅमेऱ्याकडे बघत. मग त्यांच्या चर्चमधल्या एका वयस्क बाईंनी दुसरा दंड धरला.

तिकडचं हसू थांबलं. एकदम नाही, पण थांबलं. आणि मग मैदानातून दुसरा, रडण्याचा आवाज यायला लागला.

नंतर हॉलच्या किचनमध्ये मी भाताच्या ट्रेवर फॉइल लावत होते. काका पाणी प्यायला आत आले. मी म्हटलं, हसणाऱ्यांच्या मनात वाईट काही नव्हतं.

"माहीत आहे," ते म्हणाले. "मी तिथे असतो तर दोघांनी मला धरलं असतं. आमच्यात धरतात. धरलेल्या माणसाला कोणी हसत नाही." पाण्याचा ग्लास त्यांनी सिंकमध्ये ठेवला. "पडद्यावरच्या माणसाला कोण धरणार?"

मग ते बाहेर लोकांना जेवायचा आग्रह करायला गेले. मी फॉइल लावत राहिले. आमच्या वैनगंगेच्या काठावर एका शेजाऱ्याच्या हातात एक फोन होता आणि त्यात मी होते, आणि कोणीतरी माझा आवाज बंद केला होता. इतकी वर्षं मला वाटत होतं की माझ्यासाठी कोणी थांबलं नाही हे माझं दुःख आहे. त्या किचनमध्ये कळलं की ते तसं नव्हतं. मी तिथे नव्हते, एवढंच होतं. लोक थांबले असते तरी, आणि नाही थांबले तरी.

काकांची परवानगी अजून आलेली नाही. आमा कॉलेजात जाईल. ते म्हणतात की एक दिवस जाऊन मातीपाशी बसेन, आता घाई कसली. ते हसतात, पण दुकानात कोणी हात डोक्यावर ठेवले तर आता मान हलवून पुढे जातात. लोकांनीही हळूहळू सोडून दिलं आहे.

मी मात्र त्या आठवड्यात प्रमोदला फोन केला. लाजत लाजत म्हटलं की कधीतरी हे बोलायला हवं, आईचं काही झालं तर माझ्यासाठी थांबू नका. आणि फोनही धरू नकोस. मला दाखवू नकोस. मी नंतर येईन आणि जे असतील त्यांच्याजवळ बसेन. प्रमोद गोंधळला. "सकाळी सकाळी काय हे, ताई? तब्येत बरी हाये ना तुही?"

फोन स्पीकरवर होता हे मला माहीत नव्हतं. आई बाजूलाच खाटेवर बसली होती. तिने त्याच्याकडून फोन घेतला.

"मी आयकून राह्यली सगळं," ती म्हणाली. "मेल्यावर कोनासाठी कायले थांबाचं? दोन थंड्या थांबून हावो न मी. जित्ती थांबून हावो. तुले दिसत नाई का?"

माझा हुंदका तिला ऐकू गेला. ती म्हणाली, "रडू नोको. ये."

मला हे सगळं तुम्हाला का सांगावंसं वाटलं, तर एवढ्यासाठी. पूर्वी घर म्हटलं की मला ब्रह्मपुरीचा रस्ता आठवायचा, शाळेची घंटा, धानाच्या बांध्या. आता घर म्हटलं की खाटेवर बसलेली, दाराकडे तोंड केलेली माझी आई दिसते. तिचा दंड हाताला लागतो इतक्या जवळ मला जाऊन बसायचं आहे, ती आहे तोवर. व्हिसाचं काय व्हायचं ते होवो. डिसेंबरचं तिकीट काढलं आहे आणि या वेळी ते कॅन्सल करायचं नाही, असं नवऱ्याला सांगून ठेवलं आहे. तरीही रोज सकाळी फोन वाजला की पलीकडून तिचा आवाज येईपर्यंत मी श्वास घेत नाही.